पडेल ते काम

ऑगस्ट ट्वेल्कर. वजन सव्वाशे किलो,
मूळ धंदा खाटकाचा, गाव मिलवॉकी.
डॉक्टर म्हणाला, छातीला उबदार हवा मानवेल,
म्हणून फ्लोरिडात आला, जॅक्सनव्हिलला.
नदीकाठच्या स्टुडिओत बर्फ पोचवताना
पाय घसरला त्याचा, लादीसकट,
आणि कॅमेऱ्यामागचा माणूस हसला.
एवढंच.

दिवसाला पाच डॉलर.
पाण्यात पडायचं असेल तर सहा,
जानेवारीत साडेसहा.
कधी हवालदार, कधी घरमालक, कधी नवरीचा बाप.
मिशी मात्र एकच, डिंकाने चिकटवलेली;
दोन वर्षांत ओठावरची कातडी
उकडलेल्या बटाट्यासारखी सुटायला लागली.
नायक बारका, चपळ. त्याने वाकायचं
आणि त्याच्यासाठी निघालेलं पिठाचं पोतं
ऑगस्टने तोंडावर घ्यायचं.
शिडी फिरली की टोकाला ऑगस्ट.
दार धाडकन उघडलं की दारामागे ऑगस्ट, चपटा.

पडायचं कसं, ते त्याला कुणी शिकवलं नाही.
कुठलं मांस कुठल्या हाडाला किती धरून असतं
हे खाटकाला माहीत असतंच.
श्वास आधी सोडायचा,
आणि हाडांना कळायच्या आत पडून मोकळं व्हायचं.

तू का नाही झालास नायक, पुतण्याने विचारलं एकदा.
त्याने डोळ्यांकडे बोट दाखवलं. निळे.
त्या काळच्या फिल्मला निळं म्हणजे पांढरंच;
आभाळही पांढरं, ऑगस्टचे डोळेही.
जवळून घेतला तर बुबुळं नसलेला पुतळा.
म्हणून कॅमेरा कायम वीस फूट लांब,
आणि वीस फुटांवरून
माणूस रडला तरी हसूच येतं.

संवादाची पाटी नायकाला.
तू नुसतं तोंड हलव, दिग्दर्शक म्हणायचा.
मग ऑगस्ट मनात येईल ते बोलायचा:
खोलीचं भाडं थकलंय. गुडघा सुजलाय.
आणि एकदा, गटाराच्या उघड्या झाकणावर पाय ठेवताना,
का कुणास ठाऊक,
ओटिली, दूध उतू जाईल बघ.

दोन महिन्यांनी पत्र आलं. ओहायो, झेन्सव्हिल.
हेस्टर लूमिस, शिवणकाम करते.
मला जन्मापासून ऐकू येत नाही, लिहिलं होतं,
लोक हसतात ते बाक हादरलं की कळतं.
नायक नुसतेच ओठ हलवतो, एक ते दहा आकडे म्हणतो,
तुम्ही मात्र खरंच बोलता.
दूध गेलं का उतू?
ओटिली बरी आहे ना?

ओटिली त्याची बहीण. नवव्या वर्षी गेली,
घशाच्या रोगाने, थंडीत.
पत्र त्याने टोपीच्या अस्तरात ठेवलं
आणि तीन दिवस पडेल ते काम केलं.
चौथ्या दिवशी पिठाचं पोतं यायच्या आधी
तो थांबला, जितकं थांबायचं असतं त्याहून जास्त,
कॅमेऱ्याकडे तोंड केलं
आणि एकेक शब्द सुटा करून म्हणाला,
बरी आहे. विचारलंत, बरं वाटलं.
मग पीठ.
दिग्दर्शक खूश. म्हणाला, वेळ काय साधलास!

पुढे कंपनी कॅलिफोर्नियाला गेली, बारक्याला घेऊन.
ऑगस्ट एका हॉटेलात लिफ्ट चालवू लागला.
कुणाला फरक पडला नाही;
विसरही पडला तो त्याच्यासारखाच,
आवाज न करता.
जुनी रिळं चांदीसाठी उकळली,
पिठाचं ते रीळही त्यात असावं.

झेन्सव्हिलला मात्र ते चित्र लागलं होतं.
बुधवारी, दोनच खेळ, बाहेर बर्फ.
तिसऱ्या रांगेत कोण बसलं होतं
याची नोंद कोण ठेवणार.
बाकं हादरली असतील.